वळणाईची अट

“परत आलेल्या माणसाला जुन्या नावानं हाक मारू नये. तो ओ देतो, आणि मग सगळं पुन्हा तसंच होतं,” असं संयोगिता एकदा म्हणाली होती.

जे. पी. नगरातल्या एका गेम कंपनीच्या मीटिंगमध्ये, स्वतःच रचलेल्या देवीबद्दल ती हे बोलली. तिचं काम गेमसाठी जग रचण्याचं. नद्या, राज्यं, शाप, देव. बाकीचे चित्रं काढत, ती कारणं लिही.

वळणाई धुक्यातल्या नदीच्या वळणावर पाठमोरी बसलेली असते. काळ तिच्याभोवती गोल फिरतो. मेलेली माणसं प्रवाहाबरोबर वळून पुन्हा जन्माला येतात, तेव्हा ती त्यांच्या कपाळावरून ओला हात फिरवून नाव पुसते. अट एकच. जुन्या नावानं हाक मारली, की परतलेल्याचं आयुष्य जुन्या चाकोरीत पडतं आणि जुन्याच मरणापाशी जाऊन थांबतं.

“फार डार्क होतंय यार,” तिचा टीम लीड अद्वैत म्हणाला. तो पुण्याचा. “कुठल्या पुराणातली आहे ही?”

“कुठल्याच नाही. माझी आहे.”

“मग अट आपणच काढून टाकू ना! आपला माणूस परत मिळाला तर प्लेयर त्याला हाक मारणारच.”

“म्हणूनच ती अट आहे.”

अट राहिली. ती लिहिताना तिच्या मनात कोण होतं, हे ऑफिसात कुणाला माहीत नव्हतं. तिचा भाऊ अभिराज येलहंक्याच्या रस्त्यावर मोटारसायकलवरून पडून गेला, तेव्हा सव्वीस वर्षांचा होता. बसवनगुडीच्या घरात त्यानंतर टीव्हीच काय तो बोलायचा. आई, सगुणाबाई, समोर बसलेल्या असत, पण बघत नसत. यंदा सर्वांत धाकट्या भावाला, दयानंदला, मुलगा झाला, आणि त्या एकदम बोलत्या झाल्या.

“आला बघ माझा अभि. हनुवटी तीच का नाही?”

“आई, सगळ्या बाळांची हनुवटी अशीच असते.”

“तुला काय कळतंय? जा, तुझ्या कॉम्प्युटरातल्या देवीला विचार.”

गेलेल्याचं नाव पुढच्या मुलाला द्यायचं, ही घरची रीत. कानडी मुलखात पिढ्या गेल्या तरी ती सुटली नव्हती. घरात दोन भगवंतराव होऊन गेले होते, पण दोघेही म्हातारे होऊन, आपल्या अंथरुणात गेलेले. तरण्या मरणाचं नाव कुणी ठेवलं नव्हतं. सगुणाबाईंच्या हे ध्यानातही आलं नाही. त्यांनी अभिराजचे शर्ट धुऊन वाळत घातले. दुरुस्त करून आणलेली मोटारसायकल दयानंद विकायला निघाला, तर त्यांनी त्याला फाटकातच अडवलं.

“त्याची आहे ती. मोठा झाला की चालवील.”

संयोगिता व्हरांड्यात उभी होती. तिला भीती वाटली, ती स्वतःच लिहिलेल्या ओळींची. देवी आपण एका दुपारी कॉफी पिताना बनवली, हे ठाऊक असूनही भीती गेली नाही. बनवलेली गोष्ट खोटीच असते, असं तिला आता खात्रीनं म्हणता येईना.

बारशाच्या सकाळी भावजय, बेळगावकडची शिवलीला, तिला स्वयंपाकघरात ओढून घेऊन गेली.

“अक्का, सासूबाईंना पोरगा परत पाहिजे. मला नुसतं बाळ पाहिजे. कानात सांगणार तुम्ही. आत्यानं सांगितलं ते नाव. शार्दूल म्हणा. मग कोण काय करणार?”

“आई वर्षभर बोलायची नाही माझ्याशी.”

“बरं झालं की! तेवढाच तुमच्या डोक्याला आराम.”

संयोगिता हसली. “शार्दूल,” ती म्हणाली. “शब्द दिला.”

हॉलमध्ये पाळणा टांगला होता. नाव सांगायला आत्या बाळाच्या कानाशी वाकली, की बाकीच्या बायकांनी तिच्या पाठीत थापट्या मारायच्या.

“स्वल्प जोरात मारा ग,” एक मावशी ओरडली. “देव घडवते ती, तिला काय होतंय!”

हशा पिकला. संयोगिता वाकली, कुर्रर्र केलं. बाळाचं डोकं शिवलीलेनं तळहातावर धरलं होतं. दुधाचा आंबूस वास आला. त्या आवाजानं बाळ जागं झालं आणि त्यानं तिच्याकडे पाहिलं. त्या नजरेत ओळख नव्हती. रुसवा नव्हता. काहीच नव्हतं. नाव पुसलेला माणूस असाच बघणार, हे तिनंच लिहिलं होतं, आणि आता तिला तेवढंच सहन होईना. पाठीत थापट्या पडत होत्या. एकदा, फक्त एकदा त्यानं आपल्याला ओळखावं.

“अभि,” तिच्या तोंडून गेलं. मग मोठ्यानं, “अभिराज.”

सगुणाबाई पदरात तोंड घालून रडू लागल्या. बायकांनी नाव उचललं, एकीनं दुसरीला सांगितलं, आणि ते हॉलभर झालं. कुणीतरी बाळाला त्याच नावानं हाक मारली.

शिवलीलेनं बाळ छातीशी घेतलं आणि एक पाऊल मागे सरली. संयोगितानं तिच्याकडे पाहिलं, तशी तिनं पदर ओढून बाळाचा कान झाकला.

“अक्का, घुगऱ्या घ्या की,” दयानंदनं वाटी पुढे केली.

संयोगितानं वाटी घेतली नाही. दारातल्या ढिगातून तिनं आपल्या चपला शोधल्या, पायात सरकवल्या, आणि ती बाहेर पडली.