मामांनी तपासलेली पाच बारांची बंदूक

वस्तूत खोट काढण्याची परीक्षा कुणी डिचोली तालुक्यात घेतली, तर आमचे मामा पहिले येतील, आणि प्रश्नपत्रिका नीट काढली नव्हती असं परीक्षकांना वर सुनावून येतील. मुळगावात पाववाला पोदेर सायकल घेऊन दारात आला की मामा प्रत्येक उंडा कानाशी धरून दाबतात. आतून कुरकुर ऐकू आली तरच घेतात. माझ्यासाठी मुलगी बघायला गेलो तेव्हा त्यांनी मुलीकडे कमी आणि तिच्या घरच्या विहिरीच्या रहाटाकडे जास्त बघितलं. "रहाट कुरकुरता, पण माणसां बरी," असा निकाल दिला. ती मुलगी आज माझी बायको आहे आणि तो रहाट ती अजून विसरलेली नाही.

मामांच्या तपासणीतून सुटलेली वस्तू एकच, त्यांची जुनी दुनळी बंदूक. सुपारी-नारळाच्या कुळागरात माकडं उतरतात, म्हणून पीक राखायला परवाना मिळालेला. आमच्या सगळ्या घराण्यात कॉलेजची पदवी घेतलेला मी पहिला, याचा मला अभिमान आहे आणि तो मी लपवत नाही. पण त्या पदवीचा घराण्याने काढलेला अर्थ एवढाच, की परवान्याचे फॉर्म मी भरायचे.

यंदा फॉर्म भरायच्या आधीच मामा अंगणातल्या माटवात घसरले आणि उजवा खांदा निखळला. डॉक्टरांनी तो बसवला आणि बजावलं, दुनळीचा धक्का आता या खांद्याला झेपणार नाही. म्हणजे हलक्या धक्क्याची बंदूक तरी घ्या, नाहीतर परवाना परत करा. परवाना गेला की गावातली 'बंदूकवाले' ही ओळख गेली. मामी म्हणाली, "जाऊं दी मरे. इतक्या वर्सांत एक माकड पडूंक नाय!" मामा दोन दिवस तिच्याशी बोलले नाहीत.

पेडण्याला मामांच्या ओळखीचे एक निवृत्त सुभेदार आहेत. त्यांच्याकडे विकायला काढलेली सेमी ऑटोमॅटिक आहे: एकदा पाच काडतुसं भरली की नुसता चाप ओढत जायचं, आणि निम्मा धक्का बंदूकच गिळते. माझ्या स्कूटरवरून आम्ही गेलो. मामांनी वही माझ्या हातात दिली. "तू ग्रॅज्युएट. लिही."

मी लिहिलं. वजन, तीन असोल्या नारळांएवढं. तोल, दोन बोटांवर सरळ राहते. मग मामांनी डोळे मिटून बंदूक खांद्याला लावली, डोळे उघडून नळीच्या टोकावरची मक्षी समोर आली का बघितलं, आणि हे दहा वेळा केलं. सुभेदार कंटाळले. "अहो, बंदूक बघताय की जावई?"

"जावयाक मियां येवढो तपासलो नाय," मामा म्हणाले, "ती चूक परत नको."

शेवटी बांधावर तेलाचा रिकामा डबा ठेवला. मामांनी पाच बार काढले, एकामागून एक. डब्याची चाळण झाली. खांदा शाबूत! एकही काडतूस अडकलं नाही. मी आनंदाने "सर्व उत्तम" लिहिलं आणि विचारलं, "शेरा काय घालू?"

मामा डब्याकडे बघत होते. "आमच्या बंदुकीत दोन बार झाले की नळी मोडून परत भरूची लागता," ते हळू आवाजात म्हणाले. "तेवढ्यात माकडां पिल्लांक पोटाशी धरून पळतत. हिच्यात पाच. तेंका पळूंक वेळ खंय?"

"मग एकच मारा की!" सुभेदार म्हणाले.

"माझो राग तुमका ठावूक नाय. माडाखाली पन्नास कवळे बोंडे पडलेले दिसले की माझो हात थांबाचो नाय." त्यांनी बंदूक पुसून सुभेदारांना परत दिली आणि माझ्याकडे वळले. "लिही. बंदूक पास, मालक नापास."

त्याच आठवड्यात मी परवाना परत करण्याचा अर्ज लिहिला. माझ्या हातून इतका शुद्ध अर्ज कधी उतरला नव्हता, आणि इतका नकोसाही. मामांनी दुनळीला तेल लावलं, पोलीस चौकीत ती दिली, आणि कोपऱ्यात उभी करू नका, आडवी ठेवा, असं हवालदाराला तीनदा सांगितलं.

आता मामा सकाळी रिकाम्या हातांनी कुळागरात जातात. दुखरा खांदा सांभाळत नेम धरल्यासारखे हात उचलतात आणि तोंडाने "ठो!" करतात. तरणी माकडं ढुंकूनही बघत नाहीत. एक म्हातारं माकड तेवढं उठतं आणि एक झावळ वर जाऊन बसतं. ते नीट बसेपर्यंत मामा हात खाली घेत नाहीत.