दवनीवाड्याची रिकामी बांधी

चौदा वर्षं मी दुसऱ्यांच्या सिनेमांची प्रॉडक्शन मॅनेजर होते. हत्ती हवा? आणते. रेल्वेचा डबा हवा? मिळेल. ‘हिला नाही म्हणता येत नाही,’ असं युनिटमध्ये कौतुकाने म्हणायचे. २०११ मध्ये एकदाची स्वतःच्या सिनेमाची निर्माती झाले आणि ऑगस्टात गोंदियाला निघाले. मुख्य नटाने दोनच दिवस दिले होते, मग तो वर्षभर मालिकेत अडकणार होता. शेवटचा मोठा प्रसंग त्या दोन दिवसांत उरकायचा, नाहीतर सिनेमा बोंबलला.

पुण्याहून रेल्वेने जवळजवळ अख्खा दिवस जातो, पण गोंदिया शेवटचं स्टेशन, त्यामुळे खुशाल झोपा. स्टेशनबाहेर पोहे-चणा खाल्ला आणि श्यामभाऊंची जीप ठरवली, दिवसाचे बाराशे. “मॅडम, पहले नागरा के महादेव को हाथ जोड लो, मग काम पक्कं,” ते म्हणाले. जोडले बाई! देऊळ जुनं, आत गारवा, गर्दी नाही, जरूर जा. नागझिरा मात्र पावसाळ्यात बंद असतं, तो बेत ठेवू नका.

पुढे रस्त्याच्या दोन्ही बाजूंना भात. इतकं हिरवं की माझी बडबड आपोआप थांबली. मला ओळखणाऱ्यांना विचारा, हे किती अवघड आहे ते.

आमचा प्रसंग होता भाताच्या रोवणीचा, म्हणजे लावणीचा. जुलैअखेर इथली रोवणी आटपते. म्हणून मी मे महिन्यातच दवनीवाड्याच्या भीमरावजींना गळ घातली होती, की शेताचा एक बांध घातलेला तुकडा, म्हणजे एक बांधी, आमच्यासाठी रिकामी ठेवा. रोपंही राखा, रोवणी कॅमेऱ्यासमोर करू. कागदावर सही घेतली, भरपाईही देऊन टाकली. केवढी हुशार मी!

भीमरावजी बांधावरच उभे होते. “जय भीम मॅडम. हळू बोला जी.”

“का? काय झालं?”

त्यांनी नुसतं बोट दाखवलं. पाणी भरलेल्या बांधीच्या मधोमध गवताचा मोठा ढीग आणि त्यावर सारस बसलेला. जोडीदार शेजारी उभा. उंचीला जवळजवळ माझ्याएवढा, अंग राखाडी, डोकं आणि मान लालभडक.

“दोन अंडे हायेत,” ते कुजबुजले. “सारं शिवार रोवून झालं, सारीकडे बायामाणसांचा गलका. एवढीच एक बांधी निवांत होती. तुमच्यासाठी ठेवली, अन् हे येऊन बसले.”

मी कपाळावर हात मारला. चाळीस माणसांची बस निघाली होती. दिग्दर्शकाला फोन लावला. “पक्षीच ना? फटाका लाव, उडेल!” त्याचा आवाज फोनबाहेरही ऐकू येतो.

भीमरावजींनी ऐकलं. “एकडाव भिऊन उडाले त अंडे टाकून जातेत, मॅडम. तुमचे पैसे वापस घेऊन जा. पण बांधीत पाय नाही टाकाचा.”

“आणि तुमचं पीक? आता इथे काही लावताही येणार नाही.”

“एका बांधीचंच ना? जाऊ द्या ना जी. घरी आलेल्या पाव्हण्याले कोणी उठवते का?”

माझा हात पर्समध्ये गेला होता. सहीचा कागद काढणार होते. सांगतानाही लाज वाटते. तेवढ्यात ढिगावरचा सारस उठला. दोघांनी माना ताणल्या, चोची आभाळाकडे केल्या आणि एकदम हाक दिली. सारं शिवार दुमदुमलं. माझ्या अंगावर काटा आला, डोळे भरून वाहायला लागले. इतकं भव्य काही मी जन्मात पाहिलं नव्हतं, आणि ते घडायला माझी काही गरजच नव्हती.

फोन अजून चालू होता. “नाही,” मी म्हटलं.

“काय नाही?”

“शूटिंग नाही. बस परत फिरव.”

दुपारी भीमरावजींच्या घरी भात, अंबाडीची भाजी आणि मासोळीचा रस्सा जेवले. संध्याकाळपर्यंत बांधावर बसून राहिले. तुम्ही गेलात तर गावातल्या माणसाला विचारूनच जा आणि लांबूनच बघा.

सिनेमा अडकला तो अडकलाच. दिग्दर्शक आजही माझ्याशी बोलत नाही, आणि मी पुन्हा दुसऱ्यांच्या सेटवर जेवणाची ताटं मोजायला लागले. पुष्कळदा रडू आलं, खोटं कशाला सांगू? पण तो ‘नाही’ परत घ्यावासा एकदाही वाटला नाही.

डिसेंबरात भीमरावजींचा फोन आला. “दोन्ही पिल्लं उडाले, मॅडम! अन् तुमचा पिक्चर कवा येऊन राहिला?”

“नाही येत, भीमरावजी. तो राहिलाच.”

“मंग पुढल्या साली पुन्हा बांधी रिकामी ठेवू का?”

“ठेवा,” मी म्हटलं.

“अन् तुमच्याआधी हेच आले त?”

“तर त्यांना बसू द्या.”