रकाना क्रमांक सात : निरंक

दिनांक १४ मार्च रोजी सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी मी आणि माझे भावोजी चौकशी अधिकाऱ्यांच्या दालनाबाहेरील बाकावर हजर होतो. एक वाजून पाच मिनिटांपर्यंत आम्हाला आत बोलावण्यात आले नाही. त्या दिवसाच्या रोजनाम्यात मात्र भावोजी आत उपस्थित असल्याची नोंद आहे, खाली त्यांची सही आहे, आणि रकाना क्रमांक सात, 'अपचाऱ्याचे म्हणणे', म्हणजे ज्याची चौकशी आहे त्याचे, यात एकच शब्द आहे : निरंक. ही तक्रार मी तीनदा लेखी दिली. पोच तिन्ही वेळा मिळाली, लेखी उत्तर एकदाही नाही.

भावोजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. सव्वीस वर्षे त्यांनी अभिलेख कक्षात फायली सांभाळल्या. कचेरीत त्यांना निरंकबुवा म्हणत, कारण नव्या कारकुनाला पहिल्या दिवशी ते एकच धडा देत. "बाबा रे, रकाना कोरा ठेवू नकोस. सांगण्यासारखं काही नसेल तर निरंक लिही. कोरी जागा म्हणजे सताड उघडं दार, कोणीही आत शिरतं." घरीही तीच भाषा. ताईने विचारावे, "बाजारातून काही आणायचंय का?"

"निरंक."

"अहो, मिठाची बरणीसुद्धा निरंक आहे, ती बघा आधी!"

त्यांच्यावर दोषारोप एकच होता : एक फाइल गहाळ केल्याचा. ती फाइल अधीक्षकांनी स्वतः नेली होती आणि देवघेवीच्या वहीत सही केली होती, असे भावोजींचे म्हणणे. वही पाहायला मागितली, तर 'शोध सुरू आहे' असे कळवण्यात आले. विरुद्ध साक्षीदारही एकच, तेच अधीक्षक. भावोजींना त्यांना एकच प्रश्न विचारायचा होता : "साहेब, वहीतली सही तुमची ना?" तो त्यांनी चिठ्ठीवर लिहून, चार घड्या घालून, सदऱ्याच्या खिशात ठेवला होता. हा प्रश्न विचारण्याचा नियमाने त्यांना हक्क होता, आणि बचाव सहायक म्हणून शेजारी बसण्याचा मला.

साडेअकरा वाजून गेल्यावर आतून भावोजींचे नाव पुकारले गेले. ते उठू लागले. त्यांचे गुडघे सरळ होण्याआधीच आतून उत्तर आले, "हजर." मागोमाग बारीक खोकला.

भावोजी हजर म्हटल्यावर नेहमी असेच खोकतात.

अर्धवट उठलेले भावोजी तसेच थांबले. माझ्याकडे न पाहता म्हणाले, "आवाज माझाच आहे रे."

मी दार ढकलले. आतून कडी होती. दारावरच्या शिपायाने मान हलवली. "ढकलू नका साहेब, आत चौकशी चालू आहे."

"कोणाची?"

"यांचीच की." त्याने भावोजींकडे बोट केले आणि मग त्या बोटाकडेच पाहत राहिला.

मी व्हरांड्याच्या टोकाला पाणी प्यायला गेलो. चार मिनिटे लागली असतील. परतलो तेव्हा भावोजी बाकावर तसेच, खिशावर हात दाबून बसलेले होते.

एक वाजता दार उघडले. चौकशी अधिकारी, अधीक्षक आणि रोजनामा लिहिणारा कारकून बाहेर आले. चौथे कोणी आले नाही. आत टेबलाच्या अलीकडे एक रिकामी खुर्ची तिरपी ओढलेली होती. तिच्यासमोर अर्धा चहा उरलेला कप होता आणि त्यावर बशी पालथी घातलेली. अर्धा चहा ठेवून असा झाकण्याची सवय मी जन्मात एकाच माणसाला पाहिली आहे, आणि तो माणूस माझ्या शेजारी उभा होता. कारकून खाली मान घालून निघून गेला. निरंकचा धडा त्याला भावोजींनीच दिला होता.

भावोजींना सेवेतून काढले. माझ्या तक्रारीवर तोंडी सांगण्यात आले, "तुम्ही पाणी प्यायला गेलात, तेव्हा ते आत येऊन गेले." त्या चार मिनिटांची मी शपथ घेऊ शकत नाही. भावोजीही आता घेत नाहीत. परवा मला हळूच म्हणाले, "सही नीट पाहिली मी. वेलांटी माझीच आहे. गेलो असेन का रे मी आत?"

रोज सकाळी ते चिठ्ठी उघडून प्रश्न जागेवर आहे का ते पाहतात. ताईने हाक मारली की "हजर" म्हणतात आणि खोकतात. ताई सांगते, ते समोर बसलेले असतात आणि आवाज पलीकडच्या खोलीतून येतो. ती आता हाक मारायची टाळते.

अपिलाची शेवटची तारीख ३० एप्रिल आहे. चौकशी नव्याने, दार उघडे ठेवून व्हावी आणि तो एक प्रश्न विचारला जावा, एवढेच त्यात मागितले आहे. पण त्यासाठी त्या चार मिनिटांचा साक्षीदार हवा. त्या दिवशी समोरच्या दाखल्यांच्या खिडकीपाशी मोठी रांग होती, तिच्यात आपले कर्मचारीही होते. कर्मचाऱ्यांचे हे पत्रक आपल्याच कचेऱ्यांत वाचले जाते, म्हणजे त्या रांगेतले काही जण आत्ता हे वाचत आहेत. बाकावर खिशावर हात ठेवून बसलेला माणूस तुम्ही पाहिला असेल, तर तसे दोन ओळींत लिहून, सही करून, तारीख घालून माझ्याकडे द्या. तो उठून आत गेलेला पाहिला असेल, तर तेही लिहा. फक्त निरंक लिहू नका.