ज्याचं नाव रेडिओवर आलं नाही

कोलशेतच्या खाडीत मासळी होती तोवर मोरू कोळ्याला गाव सोडायची वेळ आली नव्हती. पुढे काठावर कारखाने उभे राहिले, पाण्याला औषधाच्या बाटलीसारखा वास येऊ लागला आणि जाळ्यात बोईट कमी, चिखल जास्त यायला लागला. मोरूने जाळं गुंडाळून माळ्यावर टाकलं आणि रेतीच्या बोटीवर इंजिन चालवायला लागला. हात असा बसला, की इंजिन नुसतं खोकलं तरी त्याला दुखणं कळे. ठाण्याच्या ज्या ठेकेदाराची ती बोट होती, त्याला काश्मीरमध्ये नदीचा गाळ काढायचं काम मिळालं. तो माणसं गोळा करू लागला तेव्हा पहिलं नाव मोरूचं निघालं.

"लांब हाय," मोरूची बायको रंभा म्हणाली.

"नदीच हाय ना? पानी तिकडं वेगलं असतं काय?" मोरू हसला. "शालूला थंडीचा कोट आनतो. मग बस ठान्याच्या उन्हात घालून."

शालू म्हणजे त्यांची मुलगी, तेव्हा शाळेत जाणारी. घरात चौथा माणूस मोरूचा बाप गोमाजी. सगळी वाडी त्याला आबा म्हणे. होडी, वारा, भरती-ओहोटी यांत आबाचा शब्द शेवटचा मानला जाई.

साल एक्क्याण्णवचं. तिकडे काम सुरू होऊन वर्ष झालं असेल नसेल, तोच एका सकाळी बंदूकवाल्या पोरांनी कामाच्या जागेवरून दोघांना उचलून नेलं. एक मोरू. दुसरा तिथला इंजिनियर, डोंबिवलीचा बाळ फणसळकर. त्या पोरांची एक संघटना होती. तिचा म्होरक्या सीमेपलीकडे जाऊन, अफगाणिस्तानातल्या लढाईत शिकून आला होता. जिहाद हा शब्द त्याने गावोगावच्या पोरांच्या तोंडी बसवला होता. सहा महिन्यांपूर्वी तो पकडला गेला होता. त्याला सोडा, मग आम्ही या दोघांना सोडतो, अशी चिठ्ठी आली.

ठेकेदाराचा माणूस ही बातमी घेऊन कोलशेतला आला. "आबा, मोरूचा एखादा फोटो द्या. पेपरात द्यायचाय. आपण जेवढा गवगवा करू तेवढं सरकार हलेल."

आबाने त्याला ओसरीवरूनच परतवून लावलं. कारण त्या कोळीवाड्यात एक रीत होती. बोट वेळेवर परतली नाही, की त्या घराने तोंड मिटायचं. रडायचं नाही, बोलावायचं नाही, चार लोकांत नाव घ्यायचं नाही. माणूस पाण्यावर असताना काठावरून त्याच्या नावाचा पुकारा झाला तर पाणी त्याला धरून ठेवतं, ही जुन्यांची समजूत. आबाने ती आयुष्यभर पाळली होती. त्याच्या बापाची होडी वादळात सापडली होती तेव्हा घर असंच गप्प राहिलं होतं आणि बाप चौथ्या दिवशी चालत घरी आला होता.

"आबा, ही काय खाडी नाय," रंभा म्हणाली. "मानसांनी नेलाय त्याना."

"गेला तो गेला. कोनी नेला त्याचा काय? तोंड बंद ठेव. नाव घेशील तर पोरगा जाईल."

रंभा गप्प बसली. वाडीही गप्प बसली. बाजारात कोणी विचारलं तर रंभा म्हणे, "कामाला हाय तिकडं," आणि मासळीच्या वाट्यांवर पाणी शिंपडे.

डोंबिवलीत मात्र एकच गदारोळ उडाला. फणसळकरांची बायको बँकेत होती. बँकेतल्या लोकांनी मोर्चा काढला. शाळेतली मुलं पत्रकं घेऊन स्टेशनवर उभी राहिली. आमदार, खासदार, दिल्लीला शिष्टमंडळ, सगळं झालं. संध्याकाळच्या बातम्यांत रोज इंजिनियरचं नाव यायचं. सुरुवातीला "इंजिनियर आणि त्यांचा एक सहकारी" असं म्हणत. पुढे सहकारी गळाला.

तीन आठवड्यांनी फणसळकर सुटले. म्होरक्या तर तुरुंगातच होता. मग त्यांच्या बदल्यात कोणी काय दिलं, हे उघड झालं नाही. डोंबिवलीत फटाके वाजले. फणसळकर मात्र गळ्यातला हार सुकायच्या आत कोलशेतला आले. दाढी तशीच, डोळे आत गेलेले. मातीच्या ओट्यावर बसून ते खाली बघत बोलले.

"आम्हाला एका जागी ठेवत नव्हते, वहिनी. आज हे घर, उद्या ते. दर वेळी नवी पोरं. ह्यांना त्यांचं माहीत नाही, त्यांना वरचं माहीत नाही. म्होरक्या आत गेल्यावर त्यांच्यात तीन तुकड्या पडल्या होत्या, प्रत्येकीचा वेगळा पुढारी. एका रात्री आम्हाला वेगळं केलं. त्या पुढाऱ्यांतल्या एकाला इंजिन दुरुस्त करून हवं होतं. मोरूला तो घेऊन गेला."

"जिता होता?" आबाने विचारलं.

"होता. जाताना मला म्हणाला, घरी सांगा, मी जेवतोय."

त्यानंतर मोरूची काही खबर आली नाही. आले ते पोलीस. इंजिन दुरुस्तीचं त्यांच्याही कानावर गेलं होतं. नवरा त्यांच्यात सामील झाला का, पैसे पाठवतो का, रात्री कोण येतं, असे प्रश्न त्यांनी रंभाला विचारले. मोरूची पत्र्याची पेटी ओसरीवर उपडी केली. तीत दोन शर्ट आणि एक जुना पाना निघाला. पोलीस गेले, पण वाडीतल्या बायका पाण्याला निघताना रंभाला हाक मारीनाशा झाल्या. आधी आबाच्या शब्दाखातर गप्प होत्या, आता भीतीने. दिसायला दोन्ही सारखंच.

त्र्याण्णव साल लागलं. मुंबईत बॉम्ब फुटले, त्याचं सामान समुद्रातून आलं असं पेपरांत छापून आलं आणि खाडीकाठच्या प्रत्येक कोळ्याकडे लोक निरखून बघायला लागले. रंभाला तर बाजारातली जागासुद्धा सोडावी लागली असती. पण ती उठली नाही. एका गिऱ्हाइकाने मासळी उचलता उचलता विचारलं, "तुझा नवरा अतिरेक्यांत गेला ना गं?" रंभाने तिच्या पिशवीतली मासळी काढून परत पाटीत ठेवली. "जा बाय. तुना मासली नाय."

आबाला खात्री वाटू लागली होती की मोरू गेला. पाण्यात गेलेल्याचा देह मिळाला नाही तर दर्भाचा पुतळा करून त्याला अग्नी देतात, तसं करावं असं तो म्हणू लागला. "त्याला वाट मोकली करून दे, रंभे. मधीच लटकलाय तो."

"तुमीच बोललेलात ना, नाव घेऊ नको, येईल? मी नाय घेतला. आता येईल तो. पुतला जाललात तर मी पन त्यातच उडी टाकीन."

तिच्या या हट्टाला एक आधार होता. ज्या म्होरक्यासाठी धरलंय तो तुरुंगात आहे तोवर मोरूला कोण मारील? सौद्याचा माल कोणी फेकून देत नाही. बाजारात बसणाऱ्या बाईचा हा हिशोब, आणि त्या हिशोबावर तिने पाच वर्षं काढली.

शहाण्णव साली कोर्टाने म्होरक्याला सोडलं. पुरावा नाही, साक्षीदार उरले नाहीत. पेपरात आतल्या पानावर चार ओळी आल्या. फणसळकरांनी त्या वाचून दाखवल्या तेव्हा रंभाने ओसरी सारवली, मोरूचे शर्ट धुऊन वाळत घातले. आता धरून ठेवायचं कारणच संपलं होतं. पावसाळा गेला, दिवाळी गेली. शर्ट घड्या होऊन परत पेटीत गेले.

मग एका रविवारी फणसळकरांचा निरोप आला. म्होरक्याने श्रीनगरात ऑफिस उघडलं होतं. तो शांततेची भाषणं करत होता, टीव्हीवर मुलाखती देत होता. एका पत्रकाराकडून फणसळकरांनी त्याच्या घरचा फोन नंबर मिळवला होता. "मी बोलू शकणार नाही, वहिनी," ते म्हणाले. "नंबर मी लावून देतो. तुम्हीच विचारा."

रंभा आणि आबा डोंबिवलीला गेले. आबाला तोवर कमी ऐकू यायला लागलं होतं. तो सोफ्याच्या कडेवर टोपी हातात धरून बसला. फणसळकरांनी नंबर लावून रिसीव्हर रंभाच्या हातात दिला.

"मैं ठाना से बोलती. मोरू कोली की घरवाली."

"कौन साहिबा?" आवाज मऊ होता. मागे लहान मूल रडत होतं.

"मोरू कोली. इंजन का काम करता था. तेरा पोरगा लोक पकडके ले गया, तेरे वास्ते. अभी तू छूट गया. मेरा आदमी किदर है?"

"बहन, मैं तो जेल में था. मेरे नाम पे बहुत कुछ हुआ है, सब मुझसे पूछ के नहीं हुआ. एक इंजिनियर का मुझे मालूम था, उसका नाम रोज़ रेडियो पे आता था. साथ में कोई और भी था, ये आज आपसे सुन रहा हूँ."

"नाय मालूम? तेरे वास्ते पकडा, और तेरेकूच नाय मालूम?"

"उस वक़्त के लड़के मारे गए, बहन. एक भी नहीं बचा. जो आज हैं, वो किसी और के हैं, मेरी नहीं सुनते."

रंभाने रिसीव्हर दोन्ही हातांनी धरला. "मिट्टी किदर दिया, तेवडा तरी पूछके बोल."

"किससे पूछूँ?" तो म्हणाला. त्याच्या आवाजात टाळाटाळ नव्हती. खरंच विचारायला कोणी उरलं नव्हतं. मग मूल जोरात रडलं, त्याने सब्र करा असं काहीसं म्हटलं आणि फोन बंद झाला.

आबा उभा राहिला. "काय बोलला?"

रंभाने त्याच्याकडे बघितलं. फोटो मागायला आलेल्या माणसाला ज्या हाताने त्याने परतवून लावलं होतं, त्याच हातात आता त्याने टोपी धरली होती.

"बोलला, शोधतो," ती म्हणाली.

जिना उतरताना आबा पुढे होता. फणसळकर मागून हळूच म्हणाले, "वहिनी, एक गोष्ट मी कधी सांगितली नाही. ती पोरं रोज बातम्या लावायची. माझं नाव आलं की हसायची आणि मोरूला म्हणायची, तेरा तो कोई है ही नहीं. तो फक्त रेडिओकडे बघत राहायचा."

"आबांना सांगू नका," रंभा म्हणाली. "कदी पन नको."

घरी आल्यावर तिने दोन दिवस जाऊ दिले. तिसऱ्या दिवशी आबासमोर बसून म्हणाली, "आबा, तुमी बोलत होतात ते करून टाकू. बामनाला बोलवा."

"खुली झालीस काय?" आबा चवताळून उठला. "तो मोठा मानूस शोधतोय, न् तू पुतला जालतंस? जित्या मानसाचा?"

इतकी वर्षं ज्याने मोरूला मेलेला धरला होता, तो एका शब्दाने त्याला जिवंत धरून बसला. आणि जिने जिवंत धरला होता, तिला आता मोठ्याने रडायची सोयही राहिली नाही. खरं सांगावं तर म्हाताऱ्याला कळणार, की नाव न घेतल्यानेच मुलगा गेला. ते कळून तो एक पावसाळाही काढणार नाही, एवढं रंभा जाणून होती.

अठ्ठ्याण्णवला शालूचं लग्न कळव्यात ठरलं. हळदीला मुलाकडच्या बायकांनी विचारलं, आई सवाष्ण की कशी? शालू रात्री आईजवळ येऊन बसली. "आये, तूच सांग. माझा बाप हाय का नाय?"

दाराशी आबा उभा होता. रंभा म्हणाली, "हाय." हळद मात्र तिने लावली नाही. चुलतजावेला पुढे करून ती चुलीपाशी बसून राहिली.

शालू सासरी गेल्यावर घरात दोघंच उरली. आबा दर अमावास्येला रंभाला नाक्यावरच्या फोनच्या दुकानात पाठवू लागला. ती जायची. काचेच्या खोपटात शिरून रिसीव्हर कानाला लावायची, नंबर न फिरवता थोडा वेळ उभी राहायची आणि परत यायची. सुरुवातीला ती "लागला नाय" म्हणे. पण म्हातारा त्या रात्री जेवत नसे. मग ती काही ना काही आणू लागली. मानूस पाठवलाय. एका गावात कोनी इंजिनवाला हाय म्हनतात. रस्ता बंद हाय.

"कशानं बंद?"

"बरफ पडलाय तिकडं. वितलला की मानूस जाईल."

आबाने बर्फ बघितला तो मासळीवर टाकायचा, भुसा लावलेल्या लादीचा. लादी उन्हात ठेवली तर किती वेळात पाणी होते, हे त्याला ठाऊक होतं. त्याने मान डोलावली आणि त्या दिवशी दोन घास जास्त खाल्ले.

मे महिना आला. ओसरीवरचे पत्रे तापून कडकड वाजत होते. रंभा बाजारातून आली, पाटी उतरवून पाय धुऊ लागली. आबा भिंतीला टेकून बसला होता, कपाळावरून घाम ओघळत होता.

"रंभे," तो म्हणाला, "अजून बरफ हाय तिकडं?"

"हाय, आबा."

"लय पडलाय म्हन की."

"लय पडलाय," रंभा म्हणाली, आणि त्याच्यासाठी पाणी आणायला आत गेली.