रूपरावचा फौजदार

त्या वर्षी सिंदीच्या गणपतीत बेचाळीसच्या चळवळीवरचं नाटक बसवलं होतं. रुळांवर बॉम्ब सापडतो आणि फौजदार गावावर तुटून पडतो. फौजदाराचं काम रूपरावला मिळालं, तेव्हा लोक हसले. बैलालाही अहोजाहो करील असा तो माणूस.

पण खाकी अंगावर चढली आणि रूपराव निराळाच झाला. ज्वारीच्या कोठीत त्यानं घासलेट ओतलं. मग तालमीत कधी न केलेलं केलं. रांजणात हात बुडवून धुतले आणि दोरीवरच्या लुगड्याला सावकाश पुसले. मांडवातून ‘वन्समोर’ आला. त्यानं पुन्हा धुतले, पुन्हा पुसले. अंगात एवढी कला होती, याचं त्यालाच नवल वाटलं.

तेवढ्यात बायकांत बसलेली तानाबाई दिसली. लुगडं तिचंच, नाटकासाठी मागून आणलेलं. ती त्याच्या हातांकडे बघत होती.

तानाबाई त्याची शेजारीण. बेचाळीसात खऱ्या फौजदारानं तिच्याच घराची झडती घेतली, आणि बॉम्ब ठेवल्याच्या संशयावरून तिच्या नवऱ्याला, नत्थूला, मारत नेलं. बॉम्ब ठेवला गेला ती सारी रात्र नत्थू रूपरावच्या गोठ्यात अडलेल्या गाईपाशी होता. हे सांगू शकणारा एकटा रूपराव. पण तो म्हणे पहाटेच केळझरच्या गणपतीला गेला होता, आणि परतला तोवर नत्थूकडून मारून मारून कबुली घेतलेली. मग कोण ऐकतो! नत्थू सुटला तो खोकतच, आणि थोड्याच दिवसांत गेला. तेव्हा तानाबाईनंच उलट रूपरावची समजूत घातली होती, तुम्ही घरी असते तर बोलले असते म्हणून. त्यानं ती घालू दिली होती.

सकाळी त्यानं लुगडं स्वतः धुतलं. बायको बघतच राहिली. वाळल्यावर घडी करून तो शेजारी गेला.

तानाबाई तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, “घासलेटाचं साऱ्या गावाले ठाऊक हाय. लुगड्याले हात पुसले, तवा घरात मी अन् तो फौजदार, दोघंच होतो.”

रूपरावची नजर दोन घरांमधल्या कुडाकडे गेली. फट अजून तशीच होती.

“तुमी तं केयझरले गेलते ना, भाऊ?”

“नाई,” तो म्हणाला.

तिनं लुगडं घेतलं, घडी मोडली, आणि धुण्याच्या बादलीत टाकलं.

बाहेर कोणीतरी हाक मारली, “ओ फौजदारसाहेब!” पुढं गावानं त्याला तेच नाव ठेवलं. तो कधी रागावला नाही. मान खाली घालून ओ द्यायचा.