टिमरूच्या बियांच्या पंचवीस स्लाइड

"आ तो आपणो पटावाळो छे," सर वर्गाला गुजरातीत म्हणाले. हा तर आपला शिपाई. चाळीस मुलं हसली. माझ्या हातातला काचांचा ट्रे खुळखुळला. मीही हसलो. हा माझा दुसरा मूर्खपणा. पहिला मिनिटभर आधीच झाला होता.

फतेगंजजवळच्या एका कॉलेजात, वनस्पतिशास्त्राच्या प्रयोगशाळेत मी कामाला आहे. अकरा वर्षं, कंत्राटावर. सरांनी विचारलं होतं, प्लाझ्मोडेस्माटा म्हणजे काय, शब्द आला कुठून? मुलं वह्या चाळू लागली. मी मागून बोललो, "सर, ग्रीक आहे. प्लाझ्मा म्हणजे घडवलेलं, डेस्मा म्हणजे बंध. पेशींच्या भिंतींतून आरपार जाणारे जिवंत धागे." कपाटातले कोश पुसता पुसता वाचलेलं. शाबासकीची थाप नीट बसावी म्हणून मी पाठसुद्धा किंचित वाकवली होती. गाढव.

पहिल्या बाकावरच्या मुलीने माझा अर्थ वहीत उतरवला होता. सर बोलले तसा तिने तो खोडला. दोन मिनिटांनी सरांनी तोच अर्थ शब्दाला शब्द सांगितला. तिने तो पुन्हा लिहिला.

तास संपल्यावर सरांनी दार लोटून घेतलं. आवाज एकदम मऊ. तो आवाज लागला की आमच्याकडे सगळे जपून असतात. आता ते मराठीत बोलले, घरातल्यासारखे. "तुझे पणजोबा आमच्या देवडीवर पहाऱ्याला असायचे. दिवाणखान्यात ते कधी बोलले नाहीत."

मी "हो सर" म्हणालो. झाला तिसरा.

मग काम सांगितलं. सोमवारी बाहेरचे तपासनीस येणार, टिमरूच्या बियांच्या पंचवीस स्लाइड हव्यात. लेबलं छापून तयार होती. 'तयार करणारे' यापुढे सरांचं नाव. माझं कंत्राट याच महिन्यात संपतं, हे ते बोलले नाहीत. नुसतं कॅलेंडरकडे पाहिलं.

टिमरू म्हणजे आपली टेंभुर्णी. सावली गावाकडच्या रानातून बिया मीच आणतो. बी दगडासारखी. भिजवून तिचा वस्तऱ्याने पातळ काप काढणं तिथे फक्त मला जमतं. बोटं बघा माझी. काप आयोडीनमध्ये रंगवून मायक्रोस्कोपखाली धरला. जाडजूड भिंती, आणि त्यांतून पार गेलेल्या केसासारख्या रेघा. शेकडो वेळा पाहिलेल्या. त्या दिवशी कोशातलं पुढचंही आठवलं. हे धागे बहुतेक मागाहून भोक पाडून घातलेले नसतात. भिंत उभी राहते तेव्हाच ते तिच्यात असतात. आणि मी अकरा वर्षं आत येऊ का, आत येऊ का म्हणून विचारत होतो.

काच कोरायची हिऱ्याची पेन्सिल काढली. पंचवीसही काचांवर माझं नाव कोरलं. पहिल्या काचेवरचं नाव मेलेल्या पालीसारखं दिसतंय. राहू दिलं.

सोमवारी सकाळी सरांनी एक स्लाइड उजेडाकडे धरली.

"पुसून टाक."

"पुसलं जात नाही, सर. काच फोडावी लागेल."

"मग फोड."

तपासनिसांची गाडी फाटकातून आत येत होती.

"तुम्ही फोडा, सर. नव्या मी करणार नाही. यापुढे माझ्या नावाशिवाय एकही नाही."

त्यांनी कॅलेंडरकडे पाहिलं. या वेळी मीही पाहिलं.

मग ट्रे त्यांच्या हातात दिला.