तारेखालची सलामी

“रथाचं झालं वो सायेब. काठ्यांचं काय?”

नामा गुरवानं हे विचारलं तेव्हा मी अगदी खुशीत होतो. काम आटोपलं होतं. रथ मोजला होता, तार मोजली होती, दोन्हींत चांगलं हातभर अंतर सुटत होतं. ‘अडथळा नाही’ असा निरोप साताऱ्याला साहेबांकडे गेलाही होता. परतीची मोटार सकाळची. संध्याकाळ मोकळी होती, म्हणून देवळापाशी भेटलेला हा गुरव “चला, गाव दावतो” म्हणाला आणि मी त्याच्यामागे निघालो.

“कसल्या काठ्या?” मी म्हटलं.

नामानं मान तिरकी करून माझ्याकडे पाहिलं. सिद्धनाथाच्या यात्रेच्या तोंडावर म्हसवडात उभं राहून हा प्रश्न विचारणारा पहिलाच माणूस त्याला भेटला असावा.

मी तारखात्यात लाइन इन्स्पेक्टर होतो. गाव पलूस, नोकरी साताऱ्याला. खांब सरळ आहेत का, तारेला झोळ पडलाय का, चिनी मातीच्या वाट्या, म्हणजे आमचे इन्सुलेटर, फुटलेत का, हे बघत जिल्हाभर फिरायचं. एरवी या कामात डोक्याला ताप नसे. पण ते दिवस लढाईचे. बेचाळीसनंतर आमच्या भागात तारा इतक्या तोडल्या गेल्या होत्या, की तार तुटली म्हणजे ती कुणीतरी तोडलीच, असं सरकार धरून चालायचं. वाऱ्यानं तुटली तरी चार माणसं आत जायची. त्यात त्या वर्षी म्हसवडच्या पोस्टाला नवी तार ओढलेली, आणि ती गावाबाहेरच्या गल्लीच्या तोंडाशी रथाच्या वाटेवर आडवी गेलेली. रथ तारेला अडायला नको म्हणून मला धाडलं होतं. मी रथ मोजला. रथच मोजायला सांगितलं होतं.

“सासनकाठ्या, सायेब,” नामा म्हणाला. “गावोगावच्या मानाच्या. रथाम्होरं चालत्यात. परवा सकाळच्याला येतील.”

“केवढ्या उंच?”

त्यानं वर पाहिलं. तो किती वर बघतोय हे पाहून मीही वर पाहिलं.

सासनकाठी म्हणजे उभा, उंचच उंच वेळू. त्याला अंगभर रंगीत कापड गुंडाळायचं, शेंड्याला निशाण बांधायचं. एक गडी बुडखा कमरेच्या पट्ट्यात रोवून धरतो, बाकीचे चारी बाजूंनी दोऱ्या ताणून तोल सांभाळतात. काठी नाचवत न्यायची. माझी तार त्या निशाणाच्या कितीतरी खाली येत होती.

“चला,” मी म्हटलं, “मला सगळी वाट दाखवा. रथ निघतो तिथपासून.”

नामाला तेच हवं होतं. गाव दाखवण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता, आणि हे तो स्वतःच सांगत होता. त्याच्या हिशेबी म्हसवडातला प्रत्येक दगड पांडवांनी ठेवलेला. दीपमाळ पांडवांची, बारव पांडवांची. एका घरापुढचा रांजण दाखवून तो थांबला तेव्हा मीच म्हटलं, “भीमाचा?” तो खूश झाला. मी मात्र नुसता आभाळाकडे बघत चाललो होतो. यात्रेची दुकानं लागत होती. घोंगड्यांचे ढीग पडले होते, लोकरीचा उग्र वास सुटला होता, पालांपुढं चुली पेटत होत्या. माझं कशात लक्ष लागेना.

वेशीपाशी मला एकदम आशा वाटली. “इथून काठ्या कशा जातात? वाकवतात ना?”

“वेशीतनं जातच न्हाईत. भाईरनं, नदीतनं जात्यात.”

“मग माझ्या तारेलाही तशीच बगल द्या की.”

“बगल द्याया एका अंगाला घरं हायती, दुसऱ्या अंगाला दरड. काठीवालं काय शेरडं हायती व्हय, दरडीवनं उड्या माराया?”

“मग काठ्या घटकाभर तिरक्या करा.”

यावर नामा खरोखर घाबरला. त्यानं इकडंतिकडं पाहिलं. “असं म्होरं कुनाला बोलू नगा. काठी वाकायची ती फकस्त देवाम्होरं. शेजारच्या एका गावानं मागं झाडाची फांदी आडवी आली म्हून वाकवली व्हती. अजून त्यास्नी ‘वाकल्या काठीचं’ म्हंत्यात. सोयरिकीत सुदिक बोलून दावत्यात.”

आम्ही तसेच फौजदारांकडे गेलो. फौजदार शांतपणे पान लावत होते.

“तार सोडवून बाजूला घ्या. तुमची तार, तुमचा खांब,” ते म्हणाले.

“लष्करी तारा चालू आहेत. एक मिनिट लाइन बंद ठेवायची तर पुण्याहून हुकूम लागतो.”

“मग काठ्या बंद ठेवू. तसं आज दवंडी पिटून सांगतो.”

“आणि कुणी ऐकलं नाही तर?”

“तार तुटली की दोरी धरलेले सगळे आत घालायचे. माझा प्रश्न सुटला.” त्यांनी पान तोंडात टाकलं. “तुमचा मात्र राहील. ‘अडथळा नाही’ हे तुम्हीच कळवलंय ना?”

साहेबांशी रातोरात बोलायची सोय नव्हती. बोलून उपयोगही नव्हता. उंच खांब मागितला की साहेबांचं उत्तर ठरलेलं असायचं, “लोखंड लढाईवर गेलंय.” दवंडी तेवढी उद्यापर्यंत थोपवा अशी फौजदारांच्या हातापाया पडून विनंती केली आणि बाहेर आलो. नोकरीची काळजी होतीच, खोटं कशाला बोलू? पण त्याहून जास्त, देवाची काठी धरली म्हणून माणसं तुरुंगात जाणार आणि ती माझ्या तारेपायी, हे मला सहन होईना.

शेवटी नामा मला त्या तारेपाशीच घेऊन आला. अंधार पडत होता. खांबापासून चार पावलांवर, तारेच्या पलीकडे, एक बुटकं देऊळ होतं. नामा आत वाकला आणि त्यानं दिवा लावला. शेंदूर फासलेला मारुती.

“हा कुणाचा?”

“आमचाच. आमच्या घरान्याकडं पूजा हाय.”

“काठ्या याच्यापुढं वाकतात?”

 नामा तेलाची बुधली पुसत म्हणाला, “न्हाई. समदी मिरवणूक ह्याच्या नाकाम्होरनं जाती. थांबत कोनी न्हाई. आमच्या मारुतीला कोन इचारतंय?”

वर माझी तार, पलीकडे त्याचा देव. आम्ही दोघांनीही एकदमच वर पाहिलं आणि एकदमच खाली.

“नामा,” मी म्हटलं, “यंदापासून विचारतील.”

गुरव मोठा चलाख. मला पुढं काही सांगावं लागलं नाही. “तारेच्या अल्याडनं वाकवायची, मारुतीला टेकवायची, पल्याड जाऊन उबी करायची,” तो एका दमात म्हणाला. “सायेब, ही जुनी चाल हाय. मधी मोडली व्हती.”

“कधी मोडली होती?”

“ते बगू मागनं.”

आता मानकऱ्यांना पटवायचं होतं. पहिली काठी होती ती गावातल्याच बाबूराव हवालदारांच्या घराची. बाबूराव पलटणीतून पेन्शन घेऊन आलेले, मिशांना पीळ, आवाज परेडचा. नामानं त्यांच्यापुढं जुनी चाल मांडली. आज्यानं सांगितलं होतं म्हणाला.

“तुज्या आज्यानं?” बाबूराव म्हणाले. “गुरवा, तुजा आज्या जलमाचा मुका व्हता. म्या बगितलाय.”

नामानं माझ्याकडे पाहिलं. मग मीच सगळं खरं सांगून टाकलं. तार, फौजदार, माझा निरोप, सगळं. बाबूरावांनी सगळं ऐकून घेतलं. शेवटी विचारलं, “ह्या तारंतनं लढाईवरची खबर येती?”

“येते.”

“माजा धाकला बर्म्याला हाय. चार म्हैनं कागुद न्हाई.” ते उठून दारापर्यंत गेले आणि परत आले. “तार तोडून न्हाई चालायचं. पर तारेला काठी वाकली आसं कुनी म्हनलं, तर मला गावात तोंड दावाया जागा उरायची न्हाई. तारेचं नाव काडायचं न्हाई. मारुतीला वाकली.”

“मारुतीलाच,” मी म्हटलं.

“आन् पयली सलामी आमची. कायमची.”

दुसरा दिवस बाबूराव आणि नामा येणाऱ्या मानकऱ्यांना गाठत फिरले. फौजदारांना मी इतकंच सांगितलं, की काठ्या त्या ठिकाणी वाकवायची चाल आहे, मला माहीत नव्हती. त्यांनी दवंडी रद्द केली. विश्वास ठेवला असं वाटलं नाही.

यात्रेच्या दिवशी नामानं तारेच्या अलीकडे रस्त्यावर गुलालाचा जाड पट्टा ओढला. इथून काठी वाकवायची. आमचा लाइनमन दस्तगीर खांबावर चढून बसला, मी खाली. फौजदार शिपायांना घेऊन समोरच उभे. ‘सिद्धनाथाच्या नावानं चांगभलं’चा गजर जवळ आला. गुलाल-खोबऱ्यानं आभाळ भरून गेलं.

बाबूरावांची काठी पट्ट्याशी आली. दोऱ्या सैल झाल्या, निशाण हळूहळू खाली आलं, तारेखालून गेलं आणि मारुतीच्या पायरीला लागलं. नामानं त्याच्यावर गुलाल टाकला. पलीकडे काठी पुन्हा उभी राहिली.  दुसरी गेली. तिसरीही गेली.

चौथी मात्र पट्ट्यावर येऊन उभी ती उभीच. गडी नवे होते, आदल्या दिवशी कुणाला भेटले नव्हते. “आमी सिद्धनाथाचं,” पुढचा ओरडला, “मारुतीला का वाकवू?” मागून लोंढा रेटत होता. काठी हातभर पुढं सरकली. तिचा वेळू तारेला टेकला आणि तार थरथरली. वरून दस्तगीर ओरडला, “सायेब, वाटी हलायली!” फौजदारांनी शिपायांकडे पाहिलं.

 नामा हात जोडून काहीतरी पांडवांचं सांगायला लागला, ते कुणाला ऐकूच गेलं नाही. पलीकडून बाबूरावांचा परेडचा आवाज आला.

“ऱ्हाऊ द्या रं त्यास्नी! वाकवाया जोर लागतोय. खाली घेतली तर परत उबी व्हायची न्हाई म्हून भ्यात्यात!”

गर्दीत हशा पिकला. तो गडी लालबुंद झाला. मागं सरून त्यानं काठी अशी वाकवली, की निशाण मारुतीच्या पायरीवरून थेट गाभाऱ्यात गेलं. आणि एका झटक्यात पलीकडे उभी केली. लोकांनी शिट्ट्या मारल्या. त्यानंतर प्रत्येक काठीला आधीच्या काठीपेक्षा खाली वाकायचं होतं.

मग रथ आला आणि तारेखालून हातभर अंतर राखून गेला. तेवढं माझं माप बरोबर होतं.

फौजदार माझ्याजवळ आले. “जुनी चाल म्हणालात?”

“हो.”

“म्हसवडात माझं हे तिसरं वर्ष आहे,” ते म्हणाले आणि शिपायांना घेऊन निघून गेले. भला माणूस. त्या रात्री कुणीही आत गेलं नाही. मी पोस्टाच्या ओसरीवर पडलो आणि खूप दिवसांनी गाढ झोपलो.

पुढं वर्षभर मी साहेबांच्या मागं लागलो. शेवटी कंटाळून त्यांनी दोन उंच खांब मंजूर केले. यात्रेआधी ते मी स्वतः उभे राहून रोवून घेतले. तार कुठल्याही काठीच्या वरून जाईल अशी. मग मोठ्या ऐटीत बाबूरावांकडे गेलो. त्यांचा धाकटा बर्म्याहून रजेवर आलेला, अंगणात काठीला कापड गुंडाळत बसला होता. त्याला बघून मला फार बरं वाटलं.

“बाबूराव, सुटलात!” मी म्हटलं. “आता काठी वाकवायची गरज नाही.”

बाबूरावांच्या मिशा थरथरल्या. “म्हंजे? आमची पयली सलामी बंद करनार व्हय तुमी?”

“बंद कुठं? तार वर गेली म्हणून म्हणतो.”

“तारेचा काय संबंध? मारुतीची सलामी हाय ती. पयल्या मानावनं त्या चौथ्या काठीवाल्यांनी मामलेदाराकडं अर्ज केलाय, आन् तुमी वाकवूच नगा म्हंताय?”

मी नामाकडे गेलो. निदान तो तरी खरं बोलेल असं वाटलं. तो मारुतीपुढं परगावच्या यात्रेकरूंना घेऊन उभा होता. मला बघून त्यानं रामराम केला आणि त्यांना सांगत राहिला, की ही चाल पांडवांच्या वेळची.

साहेबांना मी कळवलं, खांब उपयोगी पडले. खात्यातल्या पुढच्या नोकरीत मी पुष्कळ तारा हलवल्या, खांबही हलवले. पण कुणाला एकदा मान दिला की तो हलवायच्या भानगडीत पुन्हा कधी पडलो नाही.